पाठकोरे

दुबईतल्या अल बर्शा भागातल्या मराठी घरांत, दवाखान्यांत, खानावळींत आणि फोनच्या पडद्यावर दिसलेल्या काही गोष्टींची ही नोंद. बहुतेक वस्तू शाबूत आहेत. बऱ्याचशा काचेआड आहेत. गेली आहे ती त्यांची एक बाजू.

चित्रकथी

मॉल ऑफ द एमिरेट्सच्या पाठीमागे चार-पाच मजली इमारतींच्या ओळी आहेत. त्यातल्या एका फ्लॅटमध्ये सोफ्याच्या वर पिंगुळीचं चित्र लावलेलं आहे. कुटुंब मालवणचं. चित्रात मोठ्या डोळ्यांचा राम धनुष्य ओढून उभा. सोनेरी फ्रेम, वर छोटा दिवा.

पिंगुळी कुडाळच्या शेजारी. तिथले ठाकर लोक पिढ्यानपिढ्या चित्रं दाखवून रामायण-महाभारतातल्या कथा सांगत आले. सावंतवाडीच्या भोसल्यांचा त्यांना आश्रय होता. सांगणारा मांडी घालून बसणार, पुढ्यात चित्रांची चवड. एकेक चित्र उभं धरायचं, त्यावर गायचं, मग बोलायचं, साथीला वीणा, टाळ, हुडूक. एका कथेच्या संचाला पोथीच म्हणतात. आणि ही चित्रं पाठीला पाठ लावून चिकटवलेली असतात. कागद फिरवला की कथा पुढे सरकते.

म्हणजे जुनं चित्र फ्रेम केलं की एक प्रसंग दिवाणखान्यात येतो आणि त्याला चिकटलेला दुसरा भिंतीकडे तोंड करून उभा राहतो. रामाच्या पाठीला कोण आहे, सीता की रावण की नुसता समुद्र, हे फ्रेम करणाऱ्यालाच ठाऊक. यजमानांना विचारलं, "मागे काय आहे?" ते म्हणाले, "मागे हार्डबोर्ड."

नवी चित्रं आता फ्रेमसाठीच काढतात. एकेरी. त्यांना पाठ नसतेच, त्यामुळे काही झाकलंही जात नाही. यात मला एक प्रकारचा प्रामाणिकपणा दिसतो. पिंगुळीच्या परशुराम गंगावणे यांनी घरच्या गोठ्याचं संग्रहालय केलं, पोथ्या आणि बाहुल्या जपल्या, मुलांना कला शिकवली. 2021 साली त्यांना पद्मश्री मिळाली. पण कितीतरी जुने संच त्याआधीच फुटले होते. पानं सुटी विकली गेली, संग्रहालयांत आणि हौशी लोकांच्या घरांत विखुरली. कथेतली माणसं एकमेकांना आता भेटायची नाहीत.

राजस्थानात पाबूजी या लोकदेवाची कथा रंगवलेली कापडी फड जीर्ण झाली की तिचं पुष्करच्या तलावात विसर्जन करतात. त्याला फड 'ठंडी करना' म्हणतात. रात्र रात्र कथा सांगून थकलेल्या कापडाला निरोप द्यायची रीत त्यांच्याकडे आहे. सोफ्यावरच्या चित्राला तसा शेवट नाही. घर बदललं की ते कार्टनमध्ये जातं, वर लाल अक्षरांत 'काच' लिहिलेलं.

वारली चौक

इथल्या एका दंतवैद्याच्या दवाखान्यात अख्खी भिंत वारली आहे. वॉलपेपर. गेरूच्या रंगावर पांढरा तारपा नाच, गोल गोल, एकाच गोलाची अकरा वेळा पुनरावृत्ती.

वारल्यांच्या घरात हे चित्र लग्नासाठी काढत. सवासिनी काढत, तांदळाच्या पिठाने, शेणामातीच्या भिंतीवर. मधोमध चौक आणि चौकात पालघट देवी. धवलेरी गाणी म्हणत. चित्र पुरं झाल्याशिवाय लग्न लागत नसे, आणि लग्न लागल्यावर चित्राकडे फारसं कुणी पाहत नसे. धुराने, ओलीने ते जायचं. पुढच्या लग्नाला नवं.

जिव्या सोमा मशे यांनी ते लग्नाच्या भिंतीवरून कागदावर आणलं आणि रोजचं केलं. बाईची कला पुरुषाच्या हाती आली आणि जगभर गेली. 2011 साली पद्मश्री, 2018 साली निधन. त्यांच्या रेषेतली मासेमारी, मुंग्या, वारूळ पाहिलं की यात काही गमावलं असं म्हणवत नाही. गमावलं ते पुढच्या मंडळींनी. त्यांनी चौक सोडला, देवी सोडली, नाच तेवढा उचलला. दवाखान्याच्या भिंतीवर म्हणूनच सगळे नाचतायत आणि लग्न कुणाचंच नाही.

गंजिफा

सावंतवाडीच्या राजवाड्यातून आणलेले दशावतारी गंजिफाचे दहा राजे. मत्स्यापासून कल्कीपर्यंत. काळ्या मखमलीवर चिकटवून फ्रेम केलेले. डायनिंग टेबलाच्या वर.

पूर्ण संच 120 पानांचा. दहा अवतार, प्रत्येकाची बारा पानं: राजा, प्रधान आणि एक्क्यापासून दश्शीपर्यंत. निम्म्या अवतारांत दश्शी वरचढ, उरलेल्या निम्म्यांत एक्का. खेळणारे तीन. दिवसा डाव रामाने सुरू व्हायचा, रात्री कृष्णाने. कोणतं पान पडलं, कोणतं उरलं, हे सगळं डोक्यात ठेवायचं. पानांच्या पाठी एकरंगी, लाखेच्या, मुद्दाम मुक्या, म्हणजे समोरच्याला काही कळू नये.

हा खेळ येणारी माणसं सावंतवाडीतसुद्धा शोधावी लागतात. शिवरामराजे आणि सत्त्वशीलादेवी भोसले यांनी राजवाड्यात कारागीर बसवले नसते, तर पानंही शोधावी लागली असती. पानं वाचली, डाव नाही. फ्रेमवाल्या कुटुंबाला मी नियम सांगितले तेव्हा त्यांच्या मुलीने एकच प्रश्न विचारला. भर दुपारी पडदे ओढून, दिवे लावून, एसीत बसलो, तर राम की कृष्ण? मला आवडला प्रश्न. खेळून पाहायला उरलेली 110 पानं हवीत. ती घेतली नव्हती.

वासुदेव

दिवाळी पहाटेच्या कार्यक्रमात स्टेजवर वासुदेव येतो. मोरपिसांची टोपी, टाळ, चिपळ्या, झगा, सगळं बरोबर. एरवी तो एका बँकेत असतो.

खरा वासुदेव दारात येतो आणि दान घेतल्यावर ते कुठल्या कुठल्या देवाला, कुठल्या क्षेत्राला पावलं, याची नावं घेतो. स्टेजवरच्याला कुणी काही देत नाही, म्हणून पावल्याचा भाग गाळलेला असतो. अल बर्शातल्या दारांशी सकाळी येतात ते डिलिव्हरीवाले. तेही नाव विचारतात, पण आपलं.

थांका

कराम्यातल्या एका नेपाळी खानावळीत मोमो खायला जाणं होतं. भिंतीवर हिरव्या तारादेवीचा थांका, म्हणजे कापडावरचं बौद्ध देवचित्र, काचेत. किनखापाची कड कापून टाकलेली, कारण ती फ्रेममध्ये मावत नव्हती.

आमच्या इमारतीचा वॉचमन तमांग. त्याच्या गावाकडे थांका रंगवणारे आहेत. त्याला फोनमध्ये काढलेला फोटो दाखवला. त्याने पहिल्यांदा विचारलं, "पीछे कुछ लिखा है?" थांक्याची प्रतिष्ठापना होते तेव्हा कापडाच्या मागच्या बाजूला, समोरच्या मूर्तीचं कपाळ, कंठ आणि हृदय जिथे येतं नेमकं तिथे, ॐ, आः, हूँ ही अक्षरं लिहितात. काही थांक्यांच्या पाठीवर लामाच्या हाताचे ठसेही असतात. ही अक्षरं नसतील तर तो नुसता रंगवलेला कपडा. असतील तर देव. काचेतला कुठला, हे सांगायला फ्रेम उघडावी लागेल, आणि मोमो खाऊन झाल्यावर तेवढं मागणं बरं दिसत नाही.

थांका कायम उघडा ठेवायचा नसतोच. तो गुंडाळून न्यायचा, लागेल तेव्हा उलगडायचा, त्यावर रेशमी पडदा असायचा. लडाखच्या हेमिस मठातला मोठा थांका बारा वर्षांतून एकदा उलगडतात. तिबेटात लामा मणी म्हणून फिरते कथेकरी असत. थांका टांगायचा, धातूची काठी एकेका प्रसंगावर टेकवायची आणि मेलेली माणसं परत येऊन नरकातलं काय सांगतात ते लोकांना गाऊन दाखवायचं. पिंगुळीच्या ठाकरांचे हे सख्खे भाऊबंद, मध्ये अख्खा हिमालय असला तरी. निर्वासनात ही कला मोजक्या माणसांपुरती उरली.

वरच्या मजल्यावरचे गृहस्थ मूळचे भंडाऱ्याचे. त्यांना तिबेटी म्हटलं की स्वेटर आठवतात. गोठणगावजवळ तिबेटी लोकांची नोर्ग्येलिंग वसाहत 1972 पासून आहे. तेव्हा तो भाग भंडारा जिल्ह्यात होता, आता गोंदियात. हिवाळ्यात विदर्भातल्या गावोगाव त्यांचे स्वेटर विकायला यायचे. घासाघीस केली, पण त्यांच्या घरात काय टांगलेलं आहे ते कधी पाहिलं नाही, असं ते म्हणाले.

पोथी

एका घरी देवघराखालच्या ड्रॉवरमध्ये 'शिवलीलामृत' आहे. सुट्या लांबट पानांचं, लाल फडक्यात बांधलेलं. आजीचं. रोज अकरावा अध्याय वाचला जातो, पण बाइंडिंग केलेल्या नव्या पुस्तकातून किंवा फोनवरून.

कागद आला तरी आपण ताडपत्राचा आकार सोडला नाही. छपाई आली तरी सोडला नाही. मुंबईत शिळाप्रेसवर आणि मग खिळ्यांवर पोथ्या निघाल्या त्याही लांबट आणि सुट्या. तिबेटात तर ताडाचं झाड औषधालाही नाही, पण त्यांचे ग्रंथ त्याच आकाराचे, तसेच फडक्यात बांधलेले, वर-खाली लाकडी पाट्या. देर्गेच्या छापखान्यात, जो 1729 साली सुरू झाला, दोन लाखांहून जास्त लाकडी ठसे आहेत आणि त्यातले बहुतेक दोन्ही अंगांनी कोरलेले.

पोथीचं पान पुस्तकासारखं डावीकडे उलटत नाहीत. ते खालून वर उचलून पालथं करतात आणि वाचलेल्या चवडीवर ठेवतात. त्यामुळे किती वाचलं आणि किती उरलं, हे दोन ढिगांत समोर दिसतं. वाचणारी दमली तर पुढची पानं दुसरीच्या हाती देता येतात. पारायणात सासू आणि सून एकच ग्रंथ एकाच वेळी हाताळू शकतात, भांडण चालू असलं तरी. फोनवर हे जमत नाही. फोनवर सोवळ्याचा प्रश्नही मिटला, हे मात्र खरं.

चंब्याचा रुमाल

हा अल बर्शात कुणाकडे नाही. पण शेजारच्या अल कूझमध्ये, अल्सरकल अव्हेन्यूत, पूर्वी जिथे संगमरवराचा कारखाना होता तिथे आता गॅलऱ्या आहेत, आणि त्यात 2019 पासून इशारा आर्ट फाउंडेशन आहे, दक्षिण आशियाच्या आजच्या कलेला वाहिलेलं. तिथल्या स्वच्छ पांढऱ्या भिंतींसमोर उभं राहिलं की मला हा रुमाल आठवतो.

हिमाचलातल्या चंब्याच्या बायका तो भरत. देवाच्या नैवेद्यावर, लग्नातल्या भेटींवर झाकायला. टाका असा की दोन्ही बाजूंनी चित्र सारखं उमटतं, गाठ कुठे दिसत नाही. कोणतीही बाजू भिंतीला लावा, काही फरक पडत नाही. या यादीतली फ्रेमला पुरून उरलेली ही एकच वस्तू. पण रुमालाखाली नैवेद्य नाही, तो गेला तो गेलाच.

जातं

पीठ लुलूमधून येतं. ताजं हवं असेल तर तिथे चक्कीही आहे. जातं इथे लग्नात लागतं, हळदीला, पितळी बांगडीएवढ्या तोंडाचं, शोभेचं. पाच जणींनी हात लावायचा, फोटोग्राफर थांबा म्हणेल तोवर थांबायचं.

ओव्या मात्र गेल्या नाहीत, असं वाटावं इतक्या साठवून ठेवलेल्या आहेत. हेमा राईरकर आणि गी पॉइत्वँ यांनी 1980 च्या दशकापासून गावोगावच्या बायकांकडून त्या गोळा केल्या. आकडा एक लाखाच्या वर गेला. मुळशी, मावळ आणि किती तालुके. त्यांच्यामागे 'पारी' या संकेतस्थळाने 2017 पासून त्या लोकांपुढे आणल्या, बाईचं नाव, गाव, जात, छायाचित्र, आवाज, सगळ्यासकट. एवढ्या इमानाने जपलेलं दुसरं काही मला ठाऊक नाही.

अल खैल रोडवर ट्रॅफिकमध्ये अडकलेलं असताना गाडीत त्या ऐकता येतात. सीतेचा वनवास, भावाची वाट, सासरचा जाच, आणि बाबासाहेबांवरच्या. बायका सांगतात ते कुणाला ऐकवायचं म्हणून सांगत नाहीत. पहाटे चारला ऐकणारं कोण असणार? ऐकायची ती समोरची, तोच खुंटा दुसऱ्या हाताने धरलेली जाऊ किंवा नणंद. ती पुढची ओळ उचलायची. आता ऐकणारे हजारो आहेत, भाषांतरं आहेत, पण खुंट्याला एकच हात उरला आहे. इथल्या अरबी घरांतही असंच दगडी जातं असे. त्याला 'रहा' म्हणतात. तेही आता हेरिटेजच्या कार्यक्रमात दिसतं, बाजूला खजुरीची चटई आणि माहितीची पाटी.

रांगोळी

कॉरिडॉरमध्ये काढू नये, अशी नोटीस. म्हणून स्टिकर. पुसावी लागत नाही, म्हणून कुणी काढतही नाही.

भोंडल्याची खिरापत

बर्शा पाँड पार्कजवळच्या एका व्हिलाच्या अंगणात दरवर्षी भोंडला होतो. पाटावर हत्ती, भोवती फेर, गाणी पीडीएफवरून. मुली मराठी वाचू शकत नाहीत म्हणून गाणी रोमन लिपीतही दिलेली.

गाणी संपली की खिरापत ओळखायची. झाकलेला डबा हलवून आवाज काढायचा, गोड की तिखट, आंबट की खारट, आणि ओळखता येऊ नये म्हणून यजमानीणबाईंनी रात्रभर डोकं लढवलेलं असायचं. भोंडल्यातलं सगळं नाट्य या डब्यात. आता शाळांसारखंच इथेही शेंगदाण्याची, काजूची ॲलर्जी आधी कळवावी लागते. ग्रुपवर दोन दिवस अगोदर पदार्थांची यादी येते, घटकांसह. डबा तरीही झाकून आणतात. मुली तरीही ओळखतात. शंभर टक्के बरोबर.

दशावताराची रात्र

सिंधुदुर्गातली आणि गोव्याची जत्रा आता फोनवर थेट दिसते. गावातलं कुणीतरी पोरगं देवळाच्या खांबाला फोन बांधतं. कुडाळात मध्यरात्र झाली की दुबईत साडेदहा. दहीकाला पहाटे, म्हणजे इथे साडेतीनच्या सुमाराला. अल बर्शातले काही जण पूर्ण रात्र पाहतात आणि आठला ऑफिसला जातात. मी एक-दोनदा केलं आहे. झेपत नाही.

दशावताराला लिहिलेली संहिता नसते. कथा ठरते, संवाद उभ्या उभ्या जुळतात. पायपेटी, मृदंग, झांज आणि एक बाकडं. बाकडं सिंहासन, तेच रथ, तेच पर्वत. सुरुवातीचा आडदशावतार, म्हणजे गणपती, रिद्धी-सिद्धी, सरस्वती, वेद चोरणारा संकासुर, हल्ली आखूड होत चालला आहे, पण फोनवरच्यांना तो तरी दिसतो. इथल्या मराठी मंडळाच्या स्टेजवर दशावतार आणला तेव्हा पाऊण तास मिळाला होता. संकासुराला मरायलाही सवड नव्हती, तो आलाच नाही.

नट समोरच्या गर्दीकडे पाहून बोलतो. पुढच्या रांगेतल्या पंचांना टोमणा मारतो, पेंगणाऱ्या म्हाताऱ्याला नावाने हाक मारून उठवतो, हशा आला तर तोच धागा लांबवतो, नाही आला तर युद्ध सुरू करतो. म्हणजे निम्मं नाटक प्रेक्षकांकडून येतं. खांबाला बांधलेल्या फोनकडे पाहून तो काय बोलणार? आम्ही खाली 'अल बर्शाहून नमस्कार' लिहितो. ते त्याला दिसत नाही. देवाच्या माणसाला, लढाईच्या मध्यात, ते दिसूही नये.

कीर्तनातला मध्य

नारदीय कीर्तनात पूर्वरंग संपतो, उत्तररंग सुरू व्हायचा असतो. मधल्या वेळात बुवांना हार घालतात, बुक्का लावतात, भजन चालतं, मुलं पाणी प्यायला जातात, मागे बसलेल्या बायका चुलीवरचं बघून येतात. तत्त्वाकडून गोष्टीकडे जायला तेवढा वेळ लागतो.

2020 च्या टाळेबंदीत बुवा झूमवर आले. यूट्यूबवर आधीपासून होते. तिथे हा मध्य कापलेला असतो. पूर्वरंगाचा शेवटचा शब्द आणि आख्यानाचा पहिला शब्द एकमेकांना चिकटलेले. कधी कधी मध्ये जाहिरात येते. खरं तर जाहिरात चालेल. तेवढ्यात पाणी पिऊन होतं.

दिवाळी अंकाचं शेवटचं पान

का. र. मित्र यांनी 'मनोरंजन'चा दिवाळी अंक काढला 1909 साली. तिथून ही चाल सुरू. अंक इथे सामानातून यायचे. तीस किलोंपैकी सहा-सात किलो कथा-कविता, चकलीच्या डब्याला चिकटून. जुन्या मंडळींकडे अजून काही आहेत. एकांकडे दीनानाथ दलालांचं मुखपृष्ठ असलेले 'दीपावली'चे अंक आहेत. दलाल 1971 साली गेले, पण त्यांची बाई त्या मुखपृष्ठावर अजून तितकीच ताजी, आतली पानं पिवळी.

अंक घराघरांतून फिरायचा. शेवटच्या पानावर पेन्सिलीने नावं आणि तारखा, म्हणजे कुणाचं वाचून झालं आणि आता कुणाकडे जायचा. नावांच्या शेजारी शेरे. 'पान 84 वाचाच.' 'संपादकीय टाळावे.' एका कथेखाली दोन वेगळ्या अक्षरांत वाद झालेला आहे आणि तिसरीने येऊन खाली लिहिलं आहे, 'दोघीही चूक.' हा वाद कथेपेक्षा वाचनीय आहे. पीडीएफला हे पान असतं, पण त्यावर गृहकर्जाची जाहिरात असते आणि ती कोरी राहते.

2010 साली दुसरं विश्व मराठी साहित्य संमेलन दुबईत झालं. मंगेश पाडगावकर अध्यक्ष. तेव्हा इथल्या मराठी घरांत किती पुस्तकं आहेत, यावर पुष्कळ बोलणं झालं असणार. नाशिकच्या कुसुमाग्रज प्रतिष्ठानच्या 'ग्रंथ तुमच्या दारी' उपक्रमाने त्यावर बोलण्याऐवजी पेट्या पाठवल्या. 2009 साली नाशकात सुरू झालेला हा उपक्रम दुबईलाही आला. पेटी एका घरी राहते, मग दुसऱ्या. हे चांगलं काम आहे आणि चालू आहे. म्हणून ते या यादीत नको. पण पेटीतल्या पुस्तकांवर लिहायची मनाई आहे, तेवढ्यापुरतं आलं.

कालनिर्णय

1973 पासून मराठी भिंतीवर आहे. इथेही आहे, फ्रिजच्या बाजूला, खिळा ठोकायला घरमालकाची परवानगी नसल्यामुळे चुंबकाला टांगलेलं. दुधाचा हिशेब आता त्यावर कुणी लिहीत नाही. एकादशी ॲप सांगतं.

पण महिन्याच्या पानाच्या मागे जे असायचं ते ॲपमध्ये नाही. लेख, पाककृती, आरोग्य, भविष्य. कितीतरी घरांत वर्षभरात वाचलेलं ललित वाङ्मय म्हणजे ते मागचं पान, आणि ते वाचायला महिना उलटावा लागायचा किंवा अख्खं कॅलेंडर भिंतीवरून उतरवावं लागायचं. आमच्या घरी महिना संपायच्या आत कुणी पान उलटून वाचलं तर आजी रागवायची. म्हणायची, पुढचे दिवस असे फुकट बघू नयेत.

मोडी

चुलतभावाने व्हॉट्सॲपवर एक कागद पाठवला. पणजोबांच्या काळातलं खरेदीखत, मोडीत. कोकणातल्या जमिनीचं. मी इथे आहे म्हणून मला वेळ असेल, असा त्याचा समज.

विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत मोडी शाळेत शिकवली जात होती. त्यानंतर दोन पिढ्यांत ती दप्तरातल्या रुमालांत बांधली गेली. 2014 साली युनिकोडमध्ये तिचा समावेश झाला, म्हणजे आता फोनवर मोडी लिहिता येऊ शकते. फोनवरून आलेली मोडी वाचायला मात्र माणूसच लागतो. असे थोडे जण आहेत. त्यांना फार विचारत नसत. मग 2023 साली कुणबी नोंदी शोधण्यासाठी निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली, आणि जिल्ह्याजिल्ह्यात मोडी वाचणाऱ्यांची शोधाशोध सुरू झाली. नाहीशा होणाऱ्या गोष्टीला एकदम भाव येण्याचं एवढं ठळक उदाहरण अलीकडे दुसरं नाही. कलेसाठी नव्हे, साहित्यासाठीही नव्हे, दाखल्यासाठी.

कागद चांगला आहे. झरझर ओढलेली अक्षरं, वर शिरोरेघ आधी मारून घेतलेली, त्याखाली शब्द एकमेकांचा हात न सोडता गेलेले. चुलतभावाने सगळ्या बाजूंनी उजेड पडेल असा फोटो काढला आहे, पण समोरचाच. नोंदणीचा शेरा, दुय्यम निबंधकापुढे कोण हजर झालं, कुणी कुणाला ओळखलं, पैसे पावले की नाही, हे मागच्या बाजूला असतं. त्याला कळवलं. तो म्हणाला, "दादा, मागे नुसतं खरडलेलं आहे, शिक्के आहेत." मी म्हटलं, तेच पाठव.

ते काल आलं. पुण्यातल्या मोडी वाचणाऱ्या बाईंना दोन्ही फोटो पाठवले आहेत. त्यांचा दर पानामागे आहे, आणि पाठ वेगळं पान धरली जाईल, असं त्यांनी आधीच सांगून ठेवलं आहे.